वखार आणि दरबार

मराठे आणि इंग्रज यांची गोष्ट आपण बहुधा शेवटाकडून वाचत आलो आहोत. वसईचा तह, खडकीची लढाई, नोव्हेंबर १८१७ मध्ये शनिवारवाड्यावर चढलेले परके निशाण, आणि मग तिथून मागे जात कोण कुठे चुकले याचा शोध. असा वाचला की दीडशे वर्षांचा इतिहास एकच लांबलचक उतार वाटू लागतो आणि त्यातली प्रत्येक घटना पुढच्या पराभवाची पूर्वसूचना होऊन बसते. या पुस्तकात मी तो पुढून वाचला आहे. १६६० साली राजापूरच्या वखारवाल्यांनी पन्हाळ्याच्या वेढ्यात नाक खुपसले तिथून सुरुवात केली आहे, आणि १७५६ साली विजयदुर्गाच्या खाडीत आंग्र्यांचे आरमार जळाले तिथे थांबलो आहे. या शहाण्णव वर्षांत दोघे एकमेकांचे वैरी होते, शेजारी होते, गिऱ्हाईक होते आणि देणेकरीही होते. पुष्कळदा तर एकाच वर्षात हे सगळे होते.

या काळाकडे बघताना व्यापार एका खणात आणि राजकारण दुसऱ्या खणात ठेवण्याची आपली सवय कामाला येत नाही. जकातीचा दर तहाच्या कलमात लिहिला जाई. तोफ ही विकायची वस्तू होती आणि ती कोणाला विकायची हा राज्याचा प्रश्न होता. सरपणाच्या होड्या कोणाच्या मुलखातून येतात, यावर मुंबईच्या गव्हर्नराच्या पत्राची भाषा ठरे. वखारीतला कारकून हेर असे, वकील असे आणि वेळ आली तर ओलीसही असे.

मराठी दरबाराला व्यापाराचे राजकारण उमगले नाही, तलवार चालवणाऱ्यांना तराजू कळला नाही, असे एक मत आपल्याकडे रुळलेले आहे. कागदपत्रे वाचल्यावर ते मला पटत नाही. शिवाजी महाराजांना व्यापाराचे राजकारण नेमके कळत होते. रामचंद्रपंत अमात्यांना ते इतके कळत होते की त्यांनी ते राजनीतीच्या ग्रंथात लिहून ठेवले. कान्होजी आंग्रे त्यावर उभे होते. समज कमी पडली नाही. समुद्रावर ती समज अंमलात आणणारे बळ गेले, आणि ते पुण्याच्या संमतीने गेले. हे सांगण्यासाठी हे पुस्तक लिहिले आहे.

राजापूर आज गंगेसाठी आणि उन्हाळे इथल्या गरम झऱ्यांसाठी ओळखले जाते. सतराव्या शतकात ते आदिलशाहीचे नावाजलेले बंदर होते. अर्जुनेच्या खाडीतून भरतीबरोबर गलबते गावापर्यंत येत, आणि अणुस्कुऱ्याच्या घाटाने वरचे कापड, मिरी, वेलदोडे खाली उतरत. १६४९ च्या सुमारास इंग्रजांनी इथे वखार घातली. १६६० मध्ये सिद्दी जौहरने पन्हाळ्याला वेढा दिला आणि महाराज गडावर अडकले, तेव्हा या वखारीचा मुख्य हेन्री रेव्हिंग्टन तोफा-दारूगोळा घेऊन पन्हाळ्याखाली हजर झाला. आदिलशाही मुलखात धंदा करायचा तर आदिलशाही सरदाराची मर्जी राखावी, जमल्यास गोळेही विकावेत, असाच त्याचा हिशेब असला पाहिजे. गडावर इंग्रजी निशाणाखाली गोळे पडले. महाराज जुलैत निसटले, पण ते निशाण विसरले नाहीत. मार्च १६६१ मध्ये राजापूर मराठ्यांच्या हाती आले. वखार लुटली गेली, पुरलेला पैसा सापडेल म्हणून जमीन खणली गेली, आणि रेव्हिंग्टन, फिलिप गिफर्ड वगैरे मंडळींना धरून कोकणातल्या गडांवर ठेवण्यात आले. त्यांची सुटका व्हायला १६६३ साल उजाडले.

या प्रकरणातला मला सर्वांत बोलका वाटतो तो सुरतेच्या इंग्रजांनी या कैद्यांना पाठवलेला जबाब. कैद्यांनी कंपनी आपल्यासाठी काही करत नाही अशी तक्रार केली होती. सुरतेने उलट सुनावले, की तुम्ही कंपनीचा माल राखताना पकडला गेलेला नाहीत; पन्हाळ्याला जाऊन आपले निशाण लावून गोळे टाकलेत त्याचे हे फळ आहे, तुमच्या जागी कोणीही असता तरी त्याने हाच सूड घेतला असता. म्हणजे शिवाजी महाराजांची बाजू रास्त होती हे कंपनीच्या वरिष्ठांनी आपल्याच माणसांना लेखी कळवले. आणि तरीही पुढची दहा-बारा वर्षे हीच कंपनी राजापूरच्या नुकसानभरपाईसाठी महाराजांच्या दारात वकील पाठवत राहिली. ज्या हानीचे कारण आपण आहोत हे माहीत आहे, तिची भरपाई मागायची, ती मिळेपर्यंत वखार उघडायची नाही, आणि वखार उघडावी असे समोरच्याला वाटत असल्यामुळे तेच दबावाचे साधन करायचे. हा खेळ समजून घेतला तर पुढचे शतक समजते.

महाराजांना राजापूरची वखार परत हवी होती, ही गोष्ट आपल्या इतिहासकथनात सहसा येत नाही. बंदर ताब्यात आले, पण गलबते आली नाहीत तर जकात कसली? राजापूरच्या लुटीनंतर व्यापारी धास्तावले होते. परदेशी वखार उघडली की देशी सावकारांना धीर येतो, घाटावरचा माल पुन्हा त्या वाटेला लागतो. शिवाय तोफा, शिसे, तांबे समुद्रावरूनच यायचे. इंग्रजांकडे या गोष्टी होत्या आणि त्या द्यायला ते तयार नव्हते, कारण दिल्या तर सुरतेत मोगल सुभेदार त्यांची वखार बंद करील. फ्रेंचांची अडचण एवढी मोठी नव्हती; त्यांनी तोफा आणि शिसे विकले.

इंग्रजांची गरज वेगळी होती. १६६८ मध्ये वर्षाला दहा पौंड खंडावर मुंबई कंपनीकडे आली. बेट उत्तम बंदर होते, पण पोटापुरते पिकत नव्हते. धान्य, गवत, इमारती लाकूड आणि रोजचे सरपण समोरच्या किनाऱ्यावरून, पेण-नागोठण्याच्या खाड्यांतून आणि कल्याणच्या बाजूने येई, आणि तो मुलूख महाराजांचा होता. जेराल्ड ऑंजियर हा मुंबईचा पहिला खरा बांधणारा गव्हर्नर. त्याच्या कारकिर्दीतल्या पत्रांत ही अडचण पुन्हा पुन्हा येते: मोठा व्यापार सुरतेत, म्हणजे मोगलांच्या हाती, चूल पेटते ती शिवाजीच्या लाकडावर.

या दोहोंच्या मधोमध जंजिऱ्याचा सिद्दी होता. मोगलांची चाकरी पत्करल्यानंतर त्याचे आरमार पावसाळ्यात मुंबईच्या बंदरात येऊन माझगावला नांगर टाकू लागले. त्याला हाकलले तर औरंगजेब नाराज, ठेवून घेतले तर महाराज नाराज. आरमार आले की त्याची माणसे बेटावर धिंगाणा घालत, आणि संधी मिळताच समोर उतरून मराठी गावे जाळत. ऑंजियरने यातून तटस्थतेचे धोरण काढले: कोणालाही तोफ द्यायची नाही, दोघांशीही गोड बोलायचे, सिद्दीला राहू द्यायचे पण आपल्या बंदरातून हल्ला करू नको असे बजावायचे. हे बजावणे पाळले जात नसे, आणि महाराजांचे लोक ते इंग्रजांच्या खात्यावर मांडत. व्यापाऱ्याची तटस्थता शेजाऱ्याला कधी तटस्थता वाटत नाही, हे इथे जवळून दिसते.

भरपाईच्या बोलण्यासाठी १६७२ मध्ये स्टीफन उस्टिक आला आणि हात हलवत गेला. १६७३ मध्ये थॉमस निकल्स रायगडापर्यंत पोहोचला. त्याला मान मिळाला, आश्वासने मिळाली, पैसा मिळाला नाही. मे १६७४ मध्ये हेन्री ऑक्झेंडन दोन सोबती आणि नारायण शेणवी हा दुभाष्या यांच्यासह मुंबईहून चौलमार्गे निघाला. पाचाडला पोहोचल्यावर कळले की महाराज भवानीच्या दर्शनाला प्रतापगडावर गेले आहेत. मग गडावर वाट पाहणे आले. राज्याभिषेकाचा मुहूर्त तोंडावर होता. गडावर पाहुणे, ब्राह्मण, कारागीर यांची दाटी. या मुक्कामाची एक छोटी हकीकत कंपनीचा वैद्य जॉन फ्रायर याने नोंदवून ठेवली आहे. गडावर मांस खाणारे थोडे, त्यामुळे तिथल्या खाटकाचा धंदा बेताचा. इंग्रज आल्यापासून रोज अर्धे बकरे खपू लागले. वर्षानुवर्षे जेवढी विक्री झाली नव्हती तेवढी एका महिन्यात झाली. तेव्हा हे गिऱ्हाईक आहे तरी कोण, हे बघायला तो म्हातारा खाटीक गड चढून वर आला. दोन सत्तांच्या पहिल्या मोठ्या तहाच्या काळात गडावर झालेला सर्वांत सरळ व्यवहार बहुधा हाच असावा.

बोलणी चालली ती प्रामुख्याने महाराजांचे मंत्री निराजीपंत यांच्याशी. ऑक्झेंडनने आधी सिद्दीशी सलोखा करण्याची गोष्ट काढली, लढाई थांबली तर किनाऱ्यावरचा व्यापार किती वाढेल असे सांगून पाहिले. निराजीपंतांनी तो विषय काढू नका असाच सल्ला दिला. जंजिऱ्याचा प्रश्न जकातीच्या कलमांत बसणारा नव्हता. मात्र राज्याभिषेकानंतर महाराज रयतेकडे आणि व्यापार वाढवण्याकडे अधिक लक्ष घालतील, आजवर विजापूर आणि मोगल यांच्याशी चाललेल्या लढायांमुळे तेवढी फुरसत नव्हती, हेही त्यांनी सांगितले. राज्याभिषेक आणि व्यापार यांचा असा संबंध एका मंत्र्याच्या तोंडून येतो, याचे महत्त्व मला फार वाटते. छत्र धरले म्हणजे बंदरातल्या व्यापाऱ्याला अभय द्यायचा अधिकार आला आणि जबाबदारीही आली.

६ जूनला ऑक्झेंडन सिंहासनासमोर उभा होता. नारायण शेणव्याने नजराण्याची हिऱ्याची अंगठी उंच धरली तेव्हा महाराजांचे लक्ष गेले आणि त्यांना जवळ बोलावण्यात आले. सिंहासनाच्या दोन बाजूंना भाल्यांवर लावलेली चिन्हे ऑक्झेंडनने बारकाईने टिपली: सोन्याचे मासे, घोड्यांच्या शेपट्या, आणि न्यायाची खूण म्हणून सोन्याचा तराजू. दाराशी झुलणारे हत्ती इतक्या अवघड वाटेने वर आले कसे, हेही त्याला कोडे पडले. आपल्या पाठ्यपुस्तकांत ऑक्झेंडन येतो तो या वर्णनापुरता. त्याने गडावर आणलेली वीस कलमे तिथे येत नाहीत. या पुस्तकात ती सविस्तर आहेत, कारण मराठी राज्य व्यापाराकडे कसे पाहत होते याचा त्याहून चांगला पुरावा माझ्या पाहण्यात नाही.

राजापूर, दाभोळ, चौल आणि कल्याण इथे वखारी घालण्याची मुभा, मराठी मुलखात मोकळा व्यापार, अडीच टक्क्यांहून अधिक जकात नको, अशा मागण्या होत्या. बहुतेक मान्य झाल्या. दोन ठिकाणी दरबार अडला. मुंबईत पाडलेले नाणे मराठी मुलखात चालावे, या मागणीवर उत्तर असे आले: आम्ही कोणाच्या नाण्याला बंदी करत नाही, पण ज्यात नुकसान आहे असे नाणे घ्यायची रयतेवर सक्तीही करणार नाही, तुमचे नाणे कसाला आणि वजनाला मोगलांच्या नाण्यासारखे असेल तर ते आपोआप चालेल. दुसरे कलम किनाऱ्याला लागलेल्या फुटक्या गलबतांचे. इंग्रजांचे गलबत वादळात सापडून किनाऱ्याला लागले तर ते मालासह परत मिळावे, असे त्यांचे म्हणणे. यावर दरबाराने कोकणचा पूर्वापार रिवाज पुढे केला, आणि वर हेही विचारले की तुम्हाला दिले तर उद्या फ्रेंच, वलंदेज (डच) आणि बाकीचेही तेच मागतील, त्यांना काय सांगायचे?

ही दोन्ही उत्तरे पुन्हा पुन्हा वाचावीत अशी आहेत. पहिल्यात चलनाचा प्रश्न हुकमाने सुटत नाही, बाजार नाणे पारखून घेतो, ही जाण आहे. दुसऱ्यात एका परकीयाला दिलेली सवलत सगळ्यांची हक्काची मागणी होते हे भान आहे. सहा दिवसांपूर्वी अभिषेक झालेल्या राज्याचे हे मुत्सद्दी होते.

भरपाईची रचनाही तितकीच विचारपूर्वक होती. रक्कम दहा हजार होन ठरली, पण खजिन्यातून रोख द्यायची नाही. इंग्रजांनी तीन वर्षे दरसाल पाच हजार होनांचा माल महाराजांच्या मुलखातून उचलावा आणि किंमत निम्मीच द्यावी. यातून साडेसात हजार फिटतील. उरलेले अडीच हजार राजापूरच्या जकातीतून वळते व्हावेत. म्हणजे भरपाई हवी असेल तर राजापूरला या, वखार उघडा, आमचा माल विकत घ्या, आमच्या बंदरातून न्या. देण्याचाच धागा करून इंग्रजी व्यापार आपल्या किनाऱ्याला बांधून टाकण्याचा हा डाव होता. तो पूर्ण साधला नाही. वखार उघडली, पण धंदा पूर्वीसारखा बसला नाही, भरपाईचा तगादा मुंबईहून पुढे अनेक वर्षे चालू राहिला, आणि १६८० नंतर थोड्याच काळात राजापूरचे दुकान कायमचे आवरले गेले. तोवर मुंबईच मोठी झाली होती.

रायगडाच्या या तहाच्या अडीच वर्षे आधीचे, डिसेंबर १६७१ चे, कुडाळच्या नरहरी आनंदरावांना पाठवलेले मिठाचे पत्र मी मुद्दाम या प्रकरणाला जोडून दिले आहे. पोर्तुगीजांच्या बारदेशातले मीठ स्वस्त पडे, त्यामुळे व्यापारी तिकडे वळत आणि संगमेश्वरचे मीठ पडून राही. महाराजांनी सुभेदाराला कळवले की बारदेशच्या मिठावर जकात अशी चढवा की ते संगमेश्वरच्या मिठाहून महाग पडेल. तसे झाले नाही तर आपल्या बंदराचा धंदा बुडेल. मीठवाले, खारवी, बैलांचे तांडे, सगळे या एका आकड्यावर अवलंबून होते. पोर्तुगीजांशी त्या वेळी लढाई नव्हती. लढाई न करता शेजारी सत्तेचा बाजार आपल्याकडे कसा ओढायचा, याचा हा साधा, रोकडा नमुना आहे. मिठाच्या दरात लक्ष घालणारा हा राजा आपल्या पुतळ्यांतून आणि पोवाड्यांतून फारसा भेटत नाही, याची मला खंत आहे.

१६७९ मध्ये महाराजांनी मुंबईच्या तोंडाशी खांदेरीवर तट घालायला घेतला, तेव्हा तहाची परीक्षा झाली. इंग्रजांनी बेट आमचे म्हणून हरकत घेतली, कॅप्टन कीग्विनला गलबते देऊन पाठवले, ऑक्टोबरमध्ये समुद्रावर लढाई झाली. मोठ्या जहाजांच्या तोफा इंग्रजांच्या बाजूला होत्या. मराठ्यांच्या लहान होड्या रात्री वाऱ्याची पर्वा न करता धान्य-दारू पोचवत राहिल्या. शेवटी १६८० च्या सुरुवातीला तडजोड झाली आणि खांदेरी मराठ्यांकडे राहिली. या लढाईने कंपनीला काय शिकवले? लढाईचा खर्च व्यापाराच्या नफ्यातून जातो, हे. पुढची तीस-पस्तीस वर्षे तिने या किनाऱ्यावर शक्यतो अशी लढाई टाळली.

छत्रपती संभाजी महाराजांचा काळ, औरंगजेबाची दक्षिण स्वारी आणि राजाराम महाराजांचे जिंजीचे दिवस यांवर या पुस्तकात एकच प्रकरण आहे. त्या वर्षांत दोन्ही बाजूंना जीव वाचवण्याची घाई होती, टिकाऊ व्यापारी धोरण आखायला जागाच नव्हती. मात्र त्या होरपळीतून तावून निघालेला एक माणूस पुढे आपला अनुभव लिहून ठेवतो. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, १७१६ च्या सुमाराच्या या ग्रंथात, सावकारांवर स्वतंत्र प्रकरण आहे आणि त्यात टोपीकरांचा, म्हणजे युरोपीय व्यापाऱ्यांचा, विचार वेगळा केला आहे. इतर व्यापारी हे केवळ व्यापारी. फिरंगी, इंग्रज, वलंदेज, फरासिस यांच्या मागे मात्र त्यांचे राजे आहेत, त्यांच्या हुकमाने ते येतात आणि त्यांना मुलखाचा लोभ आहे. म्हणून त्यांना येऊ द्यावे, व्यापार करू द्यावा, पण समुद्रकाठी, खाडीच्या तोंडाशी किंवा किल्ल्याजवळ जागा देऊ नये. दिलीच तर आत, मोठ्या पेठेजवळ, सखल जागी द्यावी, आणि पक्की इमारत बांधू देऊ नये. अमात्यांनी हे लिहिले तेव्हा प्लासीला चाळीस वर्षे अवकाश होता. परक्या व्यापाराचा फायदा घ्यायचा आणि त्याला तट घालू द्यायचा नाही, हे त्यांचे धोरण एका वाक्यात मावते. ते राबवायचे तर समुद्रावर नजर ठेवणारा कोणीतरी लागतो.

तो कान्होजी होता. १७१३ मध्ये बाळाजी विश्वनाथांच्या मध्यस्थीने कान्होजी शाहू महाराजांच्या पक्षाला मिळाले आणि सरखेलपदावर कायम झाले. त्यांच्या आरमाराचे मर्म दस्तकात होते. या पाण्यातून जाणाऱ्या गलबताने आंग्र्यांचा परवाना घ्यावा, नाहीतर ते धरले जाईल. पोर्तुगीज हेच दोनशे वर्षे कार्ताझ देऊन करत आले होते, आणि इंग्रजही आपले परवाने देत. आंग्र्यांनी तेच केले की मात्र मुंबईच्या कागदांत ती चाचेगिरी ठरते. हा शब्द आजही काही इंग्रजी पुस्तकांत तसाच चालतो, आणि आपलेही काही लेखक तो निमूट उचलतात, याचा मला राग येतो. परवाना देणे हा किनाऱ्याच्या राज्याचा अधिकार होता. भांडण तो अधिकार कोणाचा याचे होते. मुंबईचा गव्हर्नर चार्ल्स बून याने विजयदुर्ग आणि खांदेरीवर मोहिमा काढून पाहिल्या, १७२१ मध्ये पोर्तुगीजांना बरोबर घेऊन कुलाब्यावर चालून गेला. काहीच हाती लागले नाही. १७२९ मध्ये कान्होजी वारले तेव्हा कोकण किनाऱ्यावर त्यांचा परवाना चालत होता.

मे १७३९ मध्ये चिमाजीअप्पांनी वसई घेतली. मुंबईकर इंग्रजांची या वेढ्यातली वागणूक व्यापारी मुत्सद्देगिरीचा धडा म्हणून वाचण्यासारखी आहे. पोर्तुगीजांनी मदत मागितली तेव्हा त्यांनी पंधरा हजार रुपये कर्जाऊ दिले, पण चर्चमधली चांदीची भांडी आणि पितळी तोफा तारण घेऊन. वसई पडताच त्यांनी कॅप्टन इंचबर्डला चिमाजीअप्पांकडे वसईला पाठवून जुलैमध्ये तह केला आणि मराठी मुलखात व्यापाराची मोकळीक मिळवली. त्याच सुमारास कॅप्टन विल्यम गॉर्डन शाहू महाराजांकडे रवाना झाला. त्याच्याकडे नजराणे होते, आणि बाजीरावांच्या विरोधात दरबारात कोण कोण आहे, त्यांना हाताशी कसे धरता येईल, हे हेरण्याची सूचना होती. बाजीरावांच्या भावाशी तह आणि बाजीरावांच्या शत्रूंचा शोध, एकाच सुमाराची ही दोन कामे. मुंबईतल्या व्यापाऱ्यांनी शहराभोवती खंदक खणण्यासाठी तीस हजार रुपये वर्गणी दिली तीही मराठ्यांच्या भीतीपोटी. हे व्यापारी मुख्यतः हिंदी होते. आपले भांडवल कुठे सुरक्षित आहे याचा कौल त्यांनी दिला होता, आणि पुणे-साताऱ्याने तो गांभीर्याने घ्यायला हवा होता.

आता १७५५-५६. कान्होजींचे पुत्र तुळाजी आंग्रे पेशव्यांना जुमानत नव्हते. शाहू महाराजांच्या मृत्यूनंतरच्या धामधुमीत कोकणातला त्यांचा उपद्रव नानासाहेब पेशव्यांना खरोखर जाचत होता, ही बाजूही मी पुस्तकात पूर्ण मांडली आहे. पण उपाय काय निवडला? मुंबईशी करार. एप्रिल १७५५ मध्ये कमोडोर जेम्सने सुवर्णदुर्ग घेऊन दिला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर आले. खाडीत नांगरलेले आंग्र्यांचे आरमार तोफांच्या माऱ्यात पेटले आणि जवळजवळ सगळे खाक झाले. किल्ल्यात सापडलेला सुमारे दहा लाखांचा ऐवज इंग्रज अधिकाऱ्यांनी आपसांत वाटून घेतला. मराठ्यांना त्यात वाटा द्यायचा नाही हे त्यांनी आधीच ठरवले होते. विजयदुर्ग परत मिळवायला पेशव्यांना आठ महिने घासाघीस करावी लागली. १२ ऑक्टोबर १७५६ च्या पुण्याच्या तहाने तो मिळाला, पण बाणकोट आणि भोवतालची गावे इंग्रजांकडे गेली, आणि वलंदेजांना मराठी मुलखात व्यापार करू द्यायचा नाही असेही कलम मान्य करावे लागले.

हे शेवटचे कलम रायगडाच्या उत्तराशेजारी ठेवून पाहा. १६७४ मध्ये दरबार विचारत होता की तुम्हाला दिले तर फ्रेंच आणि वलंदेज काय म्हणतील. दरबाराला सगळे टोपीकर एकमेकांच्या स्पर्धेत हवे होते. १७५६ मध्ये त्याच राज्याने एका टोपीकराच्या सांगण्यावरून दुसऱ्याला दार बंद केले. आणि अमात्यांनी जे देऊ नका म्हटले होते, समुद्रकाठी, खाडीच्या तोंडाशी, किल्ल्यासकट, ते बाणकोटला दिले. पुढे आनंदराव धुळपांनी विजयदुर्गावर पुन्हा आरमार उभे केले आणि एप्रिल १७८३ मध्ये कंपनीचे रेंजर जहाज पकडलेही, तेव्हा कोकणातली नाविक विद्या १७५६ मध्ये संपली असे मी म्हणत नाही. पण ज्याचा परवाना घेतल्याशिवाय मुंबईच्या गलबताला दक्षिणेकडे जाणे अवघड होते, ते आरमार पुन्हा झाले नाही. नानासाहेबांच्या कारकिर्दीतला पानिपत हा एकच मोठा घाव आपण मोजतो. माझ्या मते विजयदुर्गाचा घाव त्याहून खोल होता, कारण पानिपतानंतर दहा वर्षांत मराठी फौजा पुन्हा दिल्लीत पोहोचल्या.

साधनांविषयी थोडे. या विषयावरचा कागद प्रामुख्याने इंग्रजांचा आहे. कंपनीचे नोकर प्रत्येक बोलण्याचा अहवाल वर पाठवत, नकला ठेवत. शिवकाळापुरता त्यातला मोठा भाग पुण्याच्या शिवचरित्र कार्यालयाने १९३१ मध्ये छापून काढला, आणि त्या कामाचे ऋण मराठी माणसावर कायमचे आहे. दुसरी बाजू तुटपुंजी आहे. रायगडाचे दफ्तर गेले. निराजीपंतांनी ऑक्झेंडनविषयी काय लिहून ठेवले असेल ते आपल्या हाती नाही. ऑक्झेंडनने निराजीपंतांविषयी लिहिले तेवढे आहे. म्हणून इंग्रजी अहवाल वाचताना तो वरिष्ठांना खूश करण्यासाठी लिहिला आहे हे ध्यानात ठेवूनच मी वापरला, आणि जिथे फक्त एकच बाजू आहे तिथे तसे त्या त्या ठिकाणी म्हटले आहे.

सगळ्यात मोठी उणीव वाटते ती मधल्या माणसांची. नारायण शेणव्यासारखे दुभाषे दोन्हीकडची भाषा जाणत. कोणत्या शब्दाला दरबार चिडेल आणि कोणत्या शब्दाला गव्हर्नर बिचकेल, हे त्यांनाच ठाऊक असे. त्यांच्याबरोबर राजापूरचे दलाल, चौलचे सावकार, पेणचे लाकूडवाले होते. त्यांच्या वह्यांवाचून हा इतिहास अर्धा आहे. कोकणातल्या जुन्या घरांत, माळ्यावरच्या पेट्यांत, देवघरामागच्या फडताळात अजून मोडीतले जमाखर्च आहेत. घरे विकली जातात, माळे मोडतात, आणि वाचता येत नाहीत म्हणून ती दप्तरे रद्दीत जातात. तुमच्या घरात असे काही असेल तर ते टाकू नका. पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात किंवा जवळच्या पुराभिलेखागारात नेऊन मोडी जाणणाऱ्याला दाखवा. मूळ कागद द्यायचे नसतील तर निदान त्यांची छायाचित्रे काढू द्या.